जाहिरात जूनची, ऑर्डर फेब्रुवारीची

आमच्या निवड यादीत दोन प्रकारचे शिक्षक आहेत. ज्यांच्या नियुक्ती आदेशावर ऑक्टोबर 2005 ची तारीख आहे ते, आणि ज्यांच्या आदेशावर फेब्रुवारी 2006 ची आहे ते. जाहिरात एक, अर्ज एकाच खिडकीवर दिलेले, गुणवत्ता यादी एक. पण मधे 1 नोव्हेंबर 2005 ही तारीख येऊन गेली. त्या तारखेपासून शासकीय सेवेत येणाऱ्यांना जुनी पेन्शन नाही, असा वित्त विभागाचा निर्णय आदल्याच दिवशी, 31 ऑक्टोबरला निघाला. मी फेब्रुवारीवाली.

मराठवाड्यातल्या एका जिल्हा परिषदेची ही भरती. जिल्ह्याचं नाव लिहीत नाही, कारण अजून त्याच कार्यालयात माझं सेवापुस्तक आहे. जूनमध्ये शिक्षण सेवकांची जाहिरात आली, ऑगस्टमध्ये यादी लागली, जिल्हा परिषदेच्या सभागृहात कागदपत्रांची पडताळणी झाली. डी.एड.चं गुणपत्रक, शाळा सोडल्याचा दाखला, जातीचा दाखला, रहिवासी, सगळ्याचे दोन-दोन संच. त्यानंतर पहिल्या टप्प्यातल्यांना बोलावून ऑर्डर दिल्या. आम्ही दुसऱ्या टप्प्यातले, "आठ-पंधरा दिवसांत तुमचंही होईल" असं सांगून परत पाठवलेले. तेवढ्यात बिंदुनामावलीवर हरकत आली. कुठल्या प्रवर्गाची किती पदं भरायची याचा हिशोब पुन्हा तपासायचा, मागासवर्ग कक्षाकडून तपासून आणायचा, मग ऑर्डर. यात उमेदवारांचा संबंध काही नव्हता. फाईल इकडून तिकडे फिरत राहिली आणि आम्ही घरी बसून पोस्टमनची वाट बघत राहिलो. दिवाळीही त्यातच गेली.

फेब्रुवारीत पदस्थापना मिळाली. महिना तीन हजार मानधन, तीन वर्षं शिक्षण सेवक. डोंगरातलं गाव, दोन शिक्षकी शाळा. नोकरी लागली याच आनंदात सगळे होते. ऑर्डर चार महिने उशिरा आली, हे कोणाच्या ध्यानातही राहिलं नाही. माझ्या वडिलांनी पेढे वाटताना लोकांना सांगितलं ते "सरकारी नोकरी, पुढची काळजी मिटली" असंच. त्या वेळी त्यांना किंवा मला कोणाला ठाऊक होतं की पुढची काळजी मिटण्याची सोय बरोबर तीन महिन्यांपूर्वी बंद झाली आहे?

2009 मध्ये नियमित वेतनश्रेणी मिळाली. डीसीपीएस म्हणजे परिभाषित अंशदान योजनेची कपात आमच्याकडे सुरू व्हायला आणखी काही काळ गेला. फरक खरा डोळ्यांत भरला तो पगारपत्रकावर. तोवर माझी बदली झाली होती आणि नव्या शाळेत आमच्याच यादीतले एक सर होते, ऑक्टोबरवाले. एकदा पगारबिलाच्या कामाला आम्ही दोघं बसलो होतो. त्यांच्या नावापुढे कपातीच्या रकान्यात जीपीएफ, म्हणजे जुन्या पेन्शनवाल्यांचा भविष्य निर्वाह निधी, माझ्या नावापुढे डीसीपीएस. त्यांची रक्कम ते स्वतः ठरवत, गरज पडली की त्यातून अग्रिम काढत. मुलीच्या लग्नाला त्यांनी काढलाही. माझे मूळ वेतन अधिक महागाई भत्त्याचे दहा टक्के जात होते, पण ते कुठे जमा होतात, शासनाचा वाटा पडतो का, व्याज किती, याची चिठ्ठी कधी मिळायची, कधी नाही. सर म्हणाले, "मॅडम, तुमचा नंबर यादीत माझ्यानंतर किती?" मी सांगितलं. ते नुसतेच हं म्हणाले आणि पुढच्या नावाकडे वळले.

ज्यांना हा विषय नवा आहे त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. 1982 च्या महाराष्ट्र नागरी सेवा निवृत्तिवेतन नियमांत शेवटच्या पगाराच्या निम्मी पेन्शन, त्यावर महागाई भत्ता, माघारी कुटुंब निवृत्तिवेतन. नव्या योजनेत जमलेल्या रकमेतली साठ टक्के हातात, चाळीस टक्क्यांची वार्षिकी, म्हणजे त्या रकमेतून घेतलेली पेन्शन, आणि ती किती पडेल ते बाजारावर. आमच्या भागात नव्या योजनेतला शिक्षक सेवेत असताना गेला की घरच्यांच्या हाती काय पडतं, हे आम्ही जवळून पाहिलं होतं. पेन्शनचा प्रश्न म्हातारपणाचा असतो हा समज तिथेच गळून पडला.

सुरुवात अर्जांनी झाली, जशी आमच्याकडे प्रत्येक गोष्टीची होते. मुख्याध्यापक, केंद्रप्रमुख, गटशिक्षणाधिकारी, "योग्य मार्गाने" वर. उत्तर यायला बरेच महिने लागले आणि आलं ते चार ओळींचं. आपली नियुक्ती 1 नोव्हेंबर 2005 नंतरची असल्याने आपली मागणी मान्य करता येत नाही. आमचा प्रश्न नियुक्ती उशिरा का झाली हा होता, आणि उत्तरात नियुक्ती उशिरा झाली एवढंच सांगितलेलं. मी ते पत्र जपून ठेवलं. वकीलसाहेबांनी नंतर ते पाहून सांगितलं, "हे उत्तम झालं. नकार लेखी मिळाला की याचिकेला कारण मिळतं. तोंडी नकारावर काही उभं राहत नाही."

मग आमच्यातल्या एका सरांनी दुसऱ्या टप्प्यातल्या सगळ्यांचा व्हॉट्सॲप ग्रुप केला. त्यांचा स्वभावच पाठपुराव्याचा. आम्ही म्हणायचो, सर शिक्षक झाले नसते तर कारकून झाले असते आणि सगळ्यांची कामं वेळेत झाली असती. त्यांनी पहिलं सांगितलं ते असं की बोलणं बंद, कागद गोळा करा. जाहिरातीची प्रत, निवड यादी, पहिल्या टप्प्याच्या ऑर्डरी, आपल्या ऑर्डरी. या चार गोष्टी समोर ठेवल्या की केस आपोआप दिसते.

यादी आणि ऑर्डरी जमल्या. जाहिरात कोणाकडेच नव्हती. नोकरी लागल्यावर जाहिरातीचं कात्रण कोण सांभाळतं? माहितीच्या अधिकारात अर्ज केला, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून. तीस दिवसांची मुदत संपून गेल्यावर उत्तर आलं की सदर अभिलेख आढळून येत नाही. प्रथम अपील केलं. सुनावणीला जनमाहिती अधिकारी म्हणाले की कार्यालय जुन्या इमारतीतून हललं तेव्हा काही गठ्ठे गहाळ झाले असावेत. ज्या जाहिरातीवरून शेकडो माणसं नोकरीला लावली, ती जाहिरात देणाऱ्याकडेच नाही!

शेवटी ती मिळाली वाचनालयात. जुन्या वर्तमानपत्रांचे बांधीव खंड एका बोळकांडीवजा खोलीत रचून ठेवलेले. ग्रंथपाल मावशींनी सांगितलं, "बाई, फोटो काढा, पण पान दुमडू नका, तुकडा पडतो." जून 2005 चा खंड काढला. पान उलटताना कडा भुग्यासारख्या सुटत होत्या. टेंडर नोटिसा, गाळ्यांचे लिलाव, खतांच्या जाहिराती, आणि एका पानाच्या खालच्या अर्ध्या भागात बारीक टायपात आमची भरती. प्रवर्गनिहाय पदसंख्येचा तक्ता, अर्जाची शेवटची तारीख, खाली मुख्य कार्यकारी अधिकारी असं पदनाम. मी वरचा दिनांक, पान क्रमांक आणि पूर्ण जाहिरात एकाच फोटोत येईल असा फोटो काढला. मग वाचनालयाच्या शिक्क्यानिशी, "मूळ अंकावरून" असं लिहून सही केलेली छायाप्रत घेतली. त्या एका शिक्क्याचा पुढे जो उपयोग झाला तो माझ्या सगळ्या अर्जांचा मिळून झाला नाही.

कोर्टात जायचं ठरलं तेव्हा ग्रुपमधले निम्मे गप्प झाले. "आपण नोकरीत आहोत, खात्याविरुद्ध कसं जायचं," "बदलीत त्रास देतील," "निकाल लागला तर आपल्यालाही लागू होईलच, मग पैसे का घालायचे." शेवटचा मुद्दा सगळ्यांत प्रामाणिक होता आणि सगळ्यांत चुकीचा. कोर्टाचा आदेश याचिकाकर्त्यांपुरताच आहे असं म्हणून बाकीच्यांना परत पाठवणं, ही आपल्या कार्यालयांची जुनी सवय. ज्याला हक्क हवा त्याने स्वतंत्र याचिका करावी, असं तोंडावर सांगतात.

दुसरा प्रश्न कुठल्या कोर्टात. राज्य शासनाचे कर्मचारी मॅटमध्ये, म्हणजे प्रशासकीय न्यायाधिकरणात जातात. आम्ही जिल्हा परिषदेचे, तो रस्ता आम्हाला नाही. त्यामुळे थेट उच्च न्यायालयाचं औरंगाबाद खंडपीठ, अनुच्छेद 226 खाली रिट याचिका. शहराचं नाव आता बदललं आहे, पण आमच्या बोलण्यात खंडपीठ अजून औरंगाबादचंच आहे. 2019 च्या उन्हाळ्याच्या सुट्टीत वकीलपत्रांवर सह्या झाल्या. एका शाळेच्या वर्गात आम्ही बाकांवर बसून, एकमेकांचं पेन घेऊन सह्या करत होतो. एका मॅडमचे मिस्टर सोबत आले होते, ते प्रत्येक कागद दोनदा वाचल्याशिवाय सही करू देत नव्हते. चिडचिड झाली, पण त्यांच्यामुळेच दोन नावांतली चूक वेळेत सापडली.

वकीलसाहेबांनी याचिकेतली बाजू आम्हाला मराठीत समजावून सांगितली. मला त्यातलं कायद्याचं सगळं कळलं असं नाही, पण मुद्दा कळला. आमचं म्हणणं असं की जाहिरात, अर्ज, निवड, पडताळणी सगळं नव्या योजनेच्या आधीचं. ऑर्डर उशिरा निघाली ती प्रशासनाच्या कारणाने. एकाच यादीतल्या दोघांना दोन वेगवेगळ्या पेन्शन, त्यांच्यात गुणवत्तेशिवाय दुसरा फरक नसताना, हा समानतेच्या हक्काचा भंग, म्हणजे अनुच्छेद 14. शासनाचं म्हणणं असं की निर्णयात "नियुक्त होणारे" असा शब्द आहे, तेव्हा नियुक्तीचाच दिनांक बघायचा. आणि यादीत नाव आलं म्हणून नियुक्तीचा हक्क निर्माण होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानेच 1991 च्या शंकरसन दाश प्रकरणात म्हटलेलं आहे.

हे ऐकून आम्ही हादरलो. वकीलसाहेब हसले. "ते खरंच आहे. पण तुम्ही नियुक्ती मागायला आलेला नाहीत, नियुक्ती तुम्हाला मिळालेली आहे. शासनाने पदं भरायचीच नाहीत असं ठरवलं असतं तर गोष्ट वेगळी. त्याच यादीतून, त्याच पदांवर तुम्हाला घेतलं. मग उशिराचा भुर्दंड कोणी भरायचा, एवढाच प्रश्न आहे."

दुसरी भीती उशिराची होती, आमच्याकडच्या उशिराची. 2006 ची नियुक्ती, 2019 ची याचिका, कोर्ट विचारणारच की इतकी वर्षं काय करत होतात. त्यावर वकीलसाहेबांकडे सर्वोच्च न्यायालयाचा 2008 चा तरसेम सिंग निकाल होता. पेन्शनसारख्या बाबतीत नुकसान दर महिन्याला नव्याने होत राहतं, म्हणून केवळ उशिराच्या कारणावरून दार बंद होत नाही. फार तर मागची थकबाकी तीन वर्षांपुरती मर्यादित करतात. आमची थकबाकी नव्हतीच, कारण कोणी निवृत्त झालेलं नव्हतं. वय कमी असण्याचा हा एवढाच फायदा आम्हाला मिळाला.

पुढची वर्षं वाट बघण्यात गेली आणि त्यात सांगण्यासारखं फारसं नाही. नोटिसा निघाल्या, सरकारी वकिलांनी वेळ मागितला, मग कोरोना आला. सकाळी परिपाठाआधी मोबाईलवर कोर्टाचा बोर्ड, म्हणजे त्या दिवशीच्या प्रकरणांची यादी बघायची, आपला नंबर शोधायचा. नंबर असला तरी सुनावणी होईल असं नाही. संध्याकाळी वकीलसाहेबांच्या ज्युनिअरचा मेसेज, "नॉट रीच्ड." घरी सासूबाई विचारायच्या, "झालं का गं तुझं कोर्टाचं?" मी म्हणायचे, "नंबरच लागला नाही." त्यांना वाटायचं मी रांगेत उभी होते.

त्याच काळात आम्हाला सीएसआरएफ फॉर्म भरण्याचा तगादा सुरू झाला. राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजनेत खातं उघडण्याचा हा फॉर्म, तो भरला की प्रान क्रमांक मिळतो. संघटनांचा विरोध होता. आधीच्या डीसीपीएस कपातीचा हिशोब द्या, मग नवं खातं, असं त्यांचं म्हणणं. फॉर्म भरला तर आपण नवी योजना मान्य केली असा अर्थ होईल का, ही आमची वेगळी भीती. वकीलसाहेबांच्या सल्ल्याने मी फॉर्मसोबत एक पत्र जोडलं. याचिका प्रलंबित असून तिच्या निकालाच्या अधीन राहून हा फॉर्म भरत आहे. दुय्यम प्रतीवर आवक शिक्का आणि तारीख घेतली. शिक्का द्यायला बाबू तयार नव्हता, "फॉर्मसोबत पत्र कोण देतं मॅडम?" मी तिथेच उभी राहिले. गर्दी वाढली तसा त्याने शिक्का मारला.

14 मार्च 2023 पासून राज्यभर संप झाला. सात दिवस "एकच मिशन, जुनी पेन्शन" चालू होतं. मी त्यात होते. पण आमची मागणी आणि संपाची मागणी एक नव्हती, हेही लिहायला हवं. संप सगळ्यांच्या जुन्या पेन्शनसाठी होता. आमचं म्हणणं त्याहून लहान होतं, आमची भरतीच जुन्या काळातली. त्याच महिन्याच्या सुरुवातीला, 3 मार्चला, केंद्राने आपल्या कर्मचाऱ्यांसाठी तसा आदेश काढला. केंद्रात नवी योजना अधिसूचित झाली 22 डिसेंबर 2003 ला. त्याआधी ज्या पदांची जाहिरात निघाली, त्यांवर नंतर नियुक्त झालेल्यांना जुनी पेन्शन निवडण्याची एक संधी. त्यामागे निमलष्करी दलांतल्या जवानांनी दिल्ली उच्च न्यायालयात लढवलेल्या केसेस होत्या. आमच्या सरांनी तो आदेश ग्रुपवर टाकला आणि खाली एवढंच लिहिलं, "वाचा."

राज्याच्या मंत्रिमंडळाने 4 जानेवारी 2024 ला तसाच निर्णय घेतला. सुमारे 26 हजार कर्मचाऱ्यांना लाभ होईल अशा बातम्या आल्या. शासन निर्णय 2 फेब्रुवारी 2024 चा. 1 नोव्हेंबर 2005 पूर्वी जाहिरात किंवा अधिसूचना निघालेली असेल आणि नियुक्ती त्यानंतर झालेली असेल, तर सहा महिन्यांत एकदाच विकल्प द्यायचा. माझं स्पष्ट मत आहे की हे औदार्य नव्हतं. संख्या मर्यादित होती, केसेस वाढत होत्या आणि निकाल कुठल्या दिशेने जाणार हे शासनाच्या वकिलांनाही दिसत होतं. पण वाचनालयातल्या त्या पिवळ्या पानाला अचानक किंमत आली हे खरं.

आता सोपं असेल असं वाटलं होतं. कार्यालयात विचारायला गेले तर उत्तर, "हा शासकीय कर्मचाऱ्यांचा आहे. जिल्हा परिषदेसाठी वेगळं पत्र येईल." वेगळं पत्र येईपर्यंत सहा महिने संपले तर? आम्ही थांबलो नाही. विकल्प लिहिले, सोबत जाहिरातीची प्रत, यादी, ऑर्डर, आणि रीतसर आवक क्रमांक घेतला. खंडपीठात वकीलसाहेबांनी शासन निर्णय दाखवला. याचिका निकाली निघाली ती या निर्णयानुसार याचिकाकर्त्यांची पात्रता तपासून ठरावीक मुदतीत निर्णय घ्या, असा आदेश देऊन. कोर्टाने आम्हाला पेन्शन दिली असं म्हणता येणार नाही, पण कार्यालयाला मुदत घालून दिली आणि आम्हाला तेवढंच पुरेसं होतं.

छाननीत माझी फाईल अडली ती नावावर. निवड यादीत आणि ऑर्डरवर माहेरचं नाव, सेवापुस्तकात आणि विकल्पावर सासरचं. राजपत्रातल्या नावबदलाची प्रत सेवापुस्तकाला लावलेली होती, पण पान निघून गेलेलं. लिपिक म्हणाले, "यादीतली ही बाई तुम्हीच कशावरून?" अठरा वर्षं त्याच खात्याचा पगार घेतल्यावर हा प्रश्न! माझ्याकडे राजपत्राची दुसरी प्रत होती. ती दिली, वर गटशिक्षणाधिकाऱ्यांचा दाखला दिला. ग्रुपमधल्या बहुतेक सगळ्या मॅडमची हीच त्रुटी निघाली. एकाही सरांना हा प्रश्न आला नाही, हे सांगायला नको.

आणखी एक त्रुटी सगळ्यांना समान होती, जाहिरातीची कार्यालयीन प्रत. ती कार्यालयाकडेच नव्हती आणि कार्यालय ती आमच्याकडे मागत होतं. तिथे वाचनालयाचा शिक्का आणि माहिती अधिकारातलं "अभिलेख आढळून येत नाही" हे उत्तर, दोन्ही एकत्र जोडले. लेखाधिकाऱ्यांनी ते पाहिलं, काही बोलले नाहीत, टिपणीवर सही केली.

आदेश निघाला. जीपीएफचा खाते क्रमांक मिळाला आणि नंतरच्या पगारात माझ्या नावापुढे डीसीपीएसचा रकाना रिकामा आला. प्रान खात्यातला माझा वाटा जीपीएफमध्ये आणि शासनाचा वाटा शासनाकडे, असं व्हायचं आहे. त्यासाठी आधी एकूण किती जमा आहे ते ठरायला हवं, आणि गाडी अडली आहे ती तिथेच. बदलीच्या आधीच्या तालुक्यातल्या दोन वर्षांच्या कपाती बिलात दिसतात, खात्यात दिसत नाहीत. वित्त विभाग म्हणतो पंचायत समितीने शेड्यूल, म्हणजे कपातींचा तक्ता, पाठवलं नाही, पंचायत समिती म्हणते पाठवलं होतं. मी त्या दोन वर्षांची सगळी पगारबिलं झेरॉक्स करून, महिन्यावार तक्ता जोडून दिला आहे.

याचिकेत सही न केलेल्यांपैकी बऱ्याच जणांनी मुदतीत विकल्प दिले, त्यांच्या फाईली आता चालू आहेत. दोघांनी दिले नाहीत. एकाला वाटलं आपली याचिका नाही म्हणून आपल्याला लागू नाही. दुसऱ्या मॅडम त्या सहा महिन्यांत आजारपणाच्या रजेवर होत्या, त्यांना कोणी कळवलंच नाही. त्यांच्यासाठी उशीर क्षमापित करावा असा अर्ज सरांनी तयार केला आहे, आणि नाहीच झालं तर वकीलसाहेबांची फी या वेळी सगळ्यांनी मिळून भरायची, असं ग्रुपवर ठरलं आहे.